बांधातलं दार

"पूस."

शेठनं बूट पुढं केला. त्यावर खाडीचा चिखल. फ्लॅट बघायला आलेलं जोडपं शेजारीच उभं. मी फडकं शोधू लागलो, तर म्हणाला, "शर्ट काय लग्नात घालायचाय?" बाई हसली. मी शर्टाच्या टोकानं बूट पुसला.

तेव्हा लाजही वाटली नाही. सातवीत शाळा सुटलेली, गाव जालन्याकडं. बोळिंजच्या पुढं खाडीकाठी याच माणसानं वॉचमन म्हणून ठेवलं, पत्र्याची खोली दिली. हाकललं तर जाऊ कुठं, हीच धास्ती.

शेठ खाडी विकायचा. खिडकीतून दिसणारी. साइटला लागून भातशेती, मधे मातीचा बांध, बांधात कुजकं लाकडी दार. शेठ म्हणाला, "काढ ते. भरणी टाकायचीय." मी काढलं. त्या जागी मातीची भरणी पडली. फळ्या चुलीत घातल्या, भाकरी भाजली. पाण्याला दार असतं, हे आमच्याकडं कुणाला ठाऊक!

श्रावणात शेतवाली काकी आली. मांडीपर्यंत चिखल.

"पोरा, आमची उघाडी कुठं गेली? ओहोटीला उघडायची, पावसाचं पानी खाडीत जायचं. भरतीला लावायची, खारं पानी आत नको. आता पानी जाईल कुठनं? भात सडला."

"मला माहीत नाय, काकी."

"तू तरी काय करनार. परक्या गावचा."

ती गेली. मला भाकरी गिळवेना.

तिनं तहसील कचेरीत अर्ज केला. साहेब पाहणीला आले. शेठ म्हणाला, "दार-बिर काही नव्हतं. विचारा वॉचमनला." मग हसून, "अडाणी आहे हो. याला खाडी काय न् डबकं काय."

सगळे हसले. काकी हसली नाही. माझ्याकडं बघत राहिली.

खोली जाणार, हे कळत होतं. तरी बोललो. "होतं साहेब. यांनी सांगितलं, मी काढलं. जाळलंही मीच."

"खाल्ल्या मिठाला जाग, हरामखोर! खोली रिकामी कर!"

"करतो. आधी जागा दाखवतो."

फावडं घेतलं. भरणी उकरली. दाराची दगडी चौकट लागली.

"लिहून देशील?" साहेबांनी विचारलं.

"देतो. सही येते मला."

शेठनं काम दिलं, ते मी विसरणार नाही. पण त्यासाठी खोटं बोलणार नाही. ज्या कचेरीत बोलावतील तिथं जाईन. दार मोडणाऱ्यांत पहिलं नाव माझं लिहा म्हणेन. त्याखाली त्याचं.