माघातली तूर

बाबूराव ओव्हाळ चारबाग स्टेशनच्या पार्सल ऑफिसात क्लार्क होता आणि पोरासोरांसाठी इतिहासाच्या कादंबऱ्या लिहायचा. दोन्ही कामांत त्याचा नेम एकच. पेटीवर जे लिहिलंय तेच पेटीत निघालं पाहिजे. "वर संत्री आन् आत बटाटे, हे आपल्याकडं न्हाई जमायचं," असं तो हमालालाही सांगायचा आणि पुण्याच्या प्रकाशकालाही.

तो परांड्याकडचा, मी भूमचा. गावाकडं राहिलो असतो तर तोंडओळखही झाली नसती. इथं आलमबागच्या रेल्वे कॉलनीत मात्र भिंतीला भिंत लागली. मी कारखान्यात फिटर. सत्तर साली कॉलनीत मराठी घरं सात-आठ, बहुतेक आम्हा बौद्धांची, सगळी नोकरीच्या मागं आलेली. घरात आम्ही आपापल्या तालुक्याचंच बोलायचो. त्यात भैया, सब्जी, अच्छा येऊन बसलेलं, ते वेगळं काढता यायचं नाही. पोरांना आमचं सगळं कळायचं, पण उत्तर हिंदीत.

बाबूरावाची पुस्तकं बारकी, शंभर-सव्वाशे पानांची, तेरा-चौदा वर्षांच्या पोरानं दोन बैठकीत संपवावी अशी. राजा त्यात लांब कुठंतरी असायचा. जवळ असायची ती गडावर दळण पोचवणारी पोरगी, नाहीतर तोफेचे बैल हाकणारा. मी एकदा विचारलं, "अरे, एखादा राजा तरी घे."

"राजावर लिहायला लई जण हायती," तो म्हणाला. "बैल कुणी हाकलं ते कोण सांगणार? तू?"

मायाच्या, म्हणजे त्याच्या एकुलत्या पोरीच्या शाळेच्या वह्यांत वर्षाअखेरी जी कोरी पानं उरायची, ती द्रौपदीवहिनी फाडून दाभणानं शिवून द्यायच्या. त्यावर तो लिहायचा. प्रकरण झालं की रविवारी बुद्धवंदना आटोपल्यावर कॉलनीतली मराठी पोरं गच्चीवर गोळा करायचा आणि मोठ्यानं वाचायचा. आता लखनौची गच्ची आणि थंडीतला रविवार म्हणजे वर आभाळभर पतंग. मी म्हणालो, "खोलीत बस की. हितं पोरांचं ध्यान वर जातंय."

"त्याच्यासाठीच तर हितं बसतो."

वाचता वाचता पोरांच्या डोळ्यांवर त्याची नजर. एखादं पोर वर बघायला लागलं की त्या ओळीशी पेन्सिलीनं टिंब. दोन पोरांनी वर बघितलं तर दोन टिंबं. तीन टिंबांची ओळ घरी जाऊन कापायची. रडायचं नाही, पोरांना रागवायचंही नाही. माझ्या डोळ्यांदेखत त्यानं एकदा अख्खी लढाई कापली. आठ वर्षांत त्याची आठ पुस्तकं अशी पतंगांशी झुंजून निघाली.

नववं पुस्तक मोठं होतं. पहिल्यांदाच त्यानं लखनौवर लिहायला घेतलं. अठराशे अठ्ठावन्नचा माघ महिना, आलमबागेत इंग्रजांची छावणी, आणि शहरातून दक्षिणेच्या खेड्यांकडं निरोप घेऊन निघालेला एका भिश्त्याचा पोरगा. निरोप पाण्याच्या मशकीत, म्हणजे कातडी पिशवीत शिवलेला. नाव ठेवलं 'मशकीतला निरोप'. ज्या मातीवर आमचे क्वार्टर उभे, तिथलीच ही गोष्ट. सुट्टीच्या दिवशी तो लायब्ररीत जाऊन जुनी गॅझेटियरं उतरवून आणायचा. कुठली पलटण कुठं होती, नाका कुठं होता, सगळं त्याला तोंडपाठ.

त्यात एक प्रकरण असं होतं की पोरगा दिवसभर ज्वारीत लपून बसतो. काय लिहिलं होतं म्हणून सांगू! पानं अंगाला कापतात ते, वारं आलं की सगळं शिवार सळसळतं ते, माळ्यावरचा राखणदार गोफण फिरवतो आणि धोंडा पोराच्या डोक्यावरून जातो ते. पोरगा हातावर कणीस चोळून कोवळा हुरडा खातो तिथं माझ्याच तोंडाला पाणी सुटलं. त्या रविवारी गच्चीवर नऊ पोरं होती. वीस पानं वाचून झाली, टिंब एकही नाही. शेजारच्या गच्चीवर 'वो काटा' म्हणून बोंब उठली तरी एकानं मान वर केली नाही. बाबूरावानं पेन्सिल न वापरताच कानामागं अडकवली आणि खाली उतरला. एवढा खूश मी त्याला कधी बघितला नव्हता.

पुण्याला हस्तलिखित गेलं. प्रकाशक उल्हासरावांचं पत्र आलं की ज्वारीचं प्रकरण म्हणजे पुस्तकाचा जीव आहे, पुस्तक मार्चच्या आत निघालं तर शाळांच्या ग्रंथालयांच्या यादीत लागेल आणि हजारो पोरांच्या हाती जाईल. आधीची आठ पुस्तकं आमच्या नातलगांपलीकडं फार गेली नव्हती. छापखान्यात खिळ्यांची जुळणी सुरू झाली.

माया तेव्हा तेरा वर्षांची. सकाळी दूध घालायला बंथऱ्याकडच्या खेड्यातून रामदुलारे यायचा. दूध मापून होईपर्यंत ही त्याला गोष्ट सांगायची, अर्थात हिंदीत. त्या दिवशी ज्वारीचं सांगत होती. रामदुलारेनं माप किटलीतच ठेवलं आणि हसायला लागला.

"माघ मा जुआर? बिटिया, जुआर तौ कातिक मा कटि जात है। तुम्हार बाबू खेत देखिन हैं कि खाली टेसन?"

बाबूराव आत दाढी करत होता. तसाच अर्ध्या साबणानं बाहेर आला. "क्या बोला?"

रामदुलारे जरा चपापला, पण बोलला तेच पुन्हा बोलला. ज्वारी कार्तिकातच कापून होते. माघात शिवारात गहू असतो, सरसों म्हणजे मोहरी असते. माणूस लपायचा असेल तर अरहरमध्ये लपेल. ज्वारीचं तर खुंटसुद्धा राहत नाही.

झालं होतं ते एवढंच. आमच्याकडं शाळू, म्हणजे रब्बीची ज्वारी, माघात उभा असतो, माणसाच्या वर. आमच्यासारख्या माणसाला माघ म्हटलं की हुरडा, यात विचार करण्यासारखं काही नसतंच. त्यानं पलटणी तपासल्या, नाके तपासले, तारखा तपासल्या. पीक तपासायचं त्याच्या मनातच आलं नाही, कारण ते त्याला येत होतं. वीस वर्षं लखनौत राहून हा शेतमजूर म्हणून वाढलेला माणूस क्वार्टर ते स्टेशन आणि स्टेशन ते क्वार्टर करत राहिला. इथल्या बांधावर एकदाही उभा राहिला नाही. मीही नाही.

"सोड रे," मी म्हणालो. "आपली पोरं वाचणार, त्यांना ज्वारीच कळती. कोण बघायला येतंय?"

"पेटीवर लखनौ लिव्हलंय," तो म्हणाला. "आत परांडा निघाला."

पुढच्या रविवारी रामदुलारेच्या मागं आम्ही सायकलींवर त्याच्या गावाला गेलो. माघच चालू होता. गहू गुडघ्याएवढा, सरसों पिवळीधमक, आणि अरहर, म्हणजे आपली तूर, दीड पुरुष उंच! फुलानं लगडलेली. आमच्याकडं पौषात तूर कापून खळ्यावर येते. माघात फुलावरची तूर मी जन्मात बघितली नव्हती. बाबूरावानं चपला काढल्या, आत शिरला आणि बसला. मी बांधावर विड्या ओढल्या. रामदुलारेची म्हातारी आई दोनदा येऊन बघून गेली आणि ह्याच्या मागावर कुणी आहे की काय अशा काळजीनं लेकाला म्हणाली, "ई बाबू का कउनौ ढूँढ़त है का?"

संध्याकाळी बाहेर आला. मी विचारलं, "कसं हाय आत?"

"आवाजच न्हाई रे तिला. ज्वारी बोलती. ही नुसती उभी ऱ्हाती."

त्यानं पुण्याला लिहिलं, ज्वारी काढा, तूर घालतो, दोन महिने द्या. उल्हासराव माणूस वाईट नव्हते. त्यांचं उत्तर अजून मला आठवतं: "बाबूराव, माघात उभी तूर वाचून आपल्याकडची मुलं तुम्हाला हसतील. चूक नसलेली जागा दुरुस्त करून तुम्ही चूक करताय. आणि मार्च गेला तर यादी गेली."

द्रौपदीवहिनी मला म्हणाल्या, "भाऊजी, तुमी तरी सांगा त्यांना. येवढं एकदा पुस्तक लोकांत जाऊ द्या म्हनावं. ज्वारीनं काय कुनाचं पोट दुखनार हाय?"

मी सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं. दुसऱ्या दिवशी पुण्याला तार केली, जुळणी थांबवा. यादी गेली.

त्यानंतर जे झालं ते जास्त वाईट. त्यानं महिनाभरात तुरीचं प्रकरण लिहिलं आणि गच्चीवर वाचलं. चौदा टिंबं. जयसिंग म्हणून वरच्या मजल्यावरचा एक पोरगा होता, तो तर उठूनच गेला, वर म्हणाला, "अंकल, पहले वाला मस्त था." खरं बोलला. मी वही चाळली. तुरीची उंची बरोबर, फुलाचा रंग बरोबर, महिना बरोबर, आणि वाचणाऱ्याला जांभई. ज्वारीत तो वाढला होता. तुरीत एक दिवस बसला होता. त्याचा हिशेब कागदावर दिसतच होता.

वहीवर दोरी बांधून त्यानं ती ट्रंकेत टाकली. वहिनींनी त्या वर्षी वह्यांची पानं शिवली नाहीत, त्यानंही मागितली नाहीत. पण माघ आला की एक रविवार तो रामदुलारेच्या गावाला जायचा. मी दुसऱ्या वर्षापासून कंटाळलो. माया जायला लागली. तिला तिथं मैत्रिणी झाल्या. त्यांच्याबरोबर मटारच्या शेंगा तोडायची, म्हातारीकडून कथा ऐकायची. बाप तुरीत आणि पोरगी गावात.

चौथ्या वर्षी, म्हणजे त्र्याऐंशीत, पोरींनी लपाछपी मांडली. माया सतरा वर्षांची घोडी, तरी खेळली. तुरीत लपली आणि खेळ संपल्यावर गुपचूप मागच्या वाटेनं घरात जाऊन चुलीशी बसली, जणू सकाळपासून तिथंच आहे. म्हातारीनं तिच्याकडं बघितलं आणि तोंडाला पदर लावून हसत सुटली. "अरहर मा रही न?"

"नहीं तो, अम्मा."

म्हातारीनं तिच्या वेणीतून एक पिवळी पाकळी काढून तळहातावर ठेवली. मग दुसरी. मग कॉलरीतून तिसरी. तुरीत शिरलेलं माणूस ती लपवू शकत नाही. फूल अंगावर झडतं आणि केसांत, शिवणीत जाऊन बसतं.

मायानं परतताना सायकलवर हे बापाला सांगितलं, हसत, हिंदीत. बाबूरावानं सायकल रस्त्याच्या कडेला उभी केली. "अजून एकदा सांग," म्हणाला. "हळू सांग."

घरी येऊन त्यानं ट्रंक उघडली.

नव्या प्रकरणात भिश्त्याचा पोरगा तुरीतून बाहेर पडायच्या आधी अंगावरची पाकळी न् पाकळी वेचत बसतो. मशकीच्या टाक्यांतून, पागोट्याच्या घड्यांतून, कानामागून. पलीकडं नाक्यावर एक शिपाई उभा आहे, आणि तो शिपाई त्याच भागातल्या शेतकऱ्याचा पोरगा आहे. इंग्रज अधिकाऱ्याला पाकळी दिसली तरी कळणार नाही. ह्याला कळेल. पोरगा नाक्याशी पोचतो, शिपाई मशक चाचपतो, आणि पोराच्या मानेवर एक पाकळी राहिलेली असते.

गच्चीवर आता पाचच पोरं उरली होती. काही घरं बदलीनं गेली, काहींची पोरं कॉलेजात. उरलेल्यांना मराठी अर्धी कळायची. बाबूराव पक्क्या प्रतीतून वाचत होता आणि कच्ची वही न् पेन्सिल मायाच्या हातात दिली होती, कारण त्याला आता पोरांचे डोळे लांबून नीट दिसत नव्हते. शिपायानं पोराच्या मानेवर हात ठेवला तिथं एक बारकं पोर कळवळून म्हणालं, "अरे, पीछे! गर्दन पे!" पतंग वर होतेच.

वाचून झाल्यावर त्यानं पोरीकडं हात केला. मायानं वही दिली. टिंबं तीन होती, तिन्ही सुरुवातीच्या पानावर, जिथं त्यानं गॅझेटियरातनं छावणीचं वर्णन उतरवलं होतं.

"ये काट दो, बाबा," ती म्हणाली. "बाकी ठीक है."

चौऱ्याऐंशी साली पुस्तक निघालं. यादीबिदीत लागलं नाही. उल्हासरावांनी आपलेपणानं छापलं, आणि हळूहळू गेलं. वर्षभरानं पोस्टकार्डं यायला लागली. पहिलं बार्शीजवळच्या कल्पना नावाच्या पोरीचं: 'पुस्तक आवडले. पण माघात तूर शेतात नसते. आमची तूर तर पौषातच काढली. आपली चूक झाली आहे.' मग करमाळ्याचं एक, मग परांड्याचंच एक, त्याच्या स्वतःच्या तालुक्यातलं. उल्हासराव म्हणाले होते तसंच झालं होतं. मी म्हणालो, "घे. आता काय लिव्हशील?"

त्यानं तेव्हा काही लिहिलं नाही. कार्डं जपून ठेवली, एकावर एक. माघ आल्यावर रामदुलारेला सांगून दुधाच्या किटल्यांबरोबर फुलावरची अरहर मागवली, मायाच्या जाडजूड कॉलेजच्या पुस्तकात दाबून वाळवली. पाकिटं करून बसला. प्रत्येक पाकिटात एक डहाळी. पत्ते माया घालत होती, मराठीत, चुकत माकत. तो शेजारी बसून दुरुस्त करत होता. चिठ्ठी सगळ्यांना एकच:

'तुझं बरोबर आहे. तुमच्याकडं नसते. मलाही नसते असंच वाटायचं. फूल बघ, आणि पाकिटावर लखनौच्या पोस्टाचा शिक्का आहे, त्याची तारीख बघ.'

पेट्या तो रोज दुसऱ्यांच्या पाठवायचा. ही पाकिटं घेऊन मात्र स्वतः चारबागच्या पोस्टात गेला, खिडकीशी उभा राहिला, आणि शिक्का मारणाऱ्याला म्हणाला, "भैया, ज़रा साफ़ मारना. तारीख पढ़ने में आए."