बोक्याचं दुखणं

लिफ्ट दुरुस्त करणारा एक कारागीर निवृत्त झाला. उभा जन्म लिफ्टच्या अंधाऱ्या पोकळीत, ग्रीसमध्ये हात बरबटून गेलेला. आता चहा झाला की तो खिडकीजवळच्या खुर्चीत बसायचा आणि कंटाळा आला की घर सुधारायला उठायचा. बिजागऱ्यांना तेल, कपाट इकडचं तिकडे. बायको वैतागायची, "अहो, घर आहे हे, कारखाना नाही."

थोड्याच दिवसांत घरातला बोका त्याच्या बुटात मुतू लागला. मग उशीवर.

"खार खाऊन आहे मेला माझ्यावर," तो म्हणाला. "देऊन टाक कुणाला तरी."

बायकोने बोक्याला टोपलीत घातलं आणि नवऱ्यालाही बरोबर घेतलं. जनावरांच्या डॉक्टरीणबाईंनी बोक्याला ओढून काढलं नाही. टोपली उघडी ठेवून त्या दोघांशी बोलत राहिल्या. बोका आपणहून बाहेर आल्यावर पोट चाचपलं, लघवी तपासली.

"सूड वगैरे काही नाही हो. मूत्राशयाला सूज आहे. खडा नाही, जंतू नाहीत. काही मांजरांना ताण आला की असं होतं. दुखतं, म्हणून सापडेल तिथे बसतो. घरात हल्ली काय बदललं?"

बायकोने नवऱ्याकडे तिरकं पाहिलं. "बदललं म्हणजे... हेच. दिवसभर घरी असतात. खिडकीजवळची खुर्ची आधी बोक्याची होती."

त्याचा चेहरा पडला. "म्हणजे रोग मीच की!"

बाई हसल्या नाहीत. "दोष कुणाचाच नाही. त्याची घडी विस्कटली, एवढंच. औषध देते, पण त्याची जागाही परत द्या. आणि जवळ आला तरच हात लावा."

घरी आल्यावर त्याने कपाट जागेवर सरकवलं, खुर्ची सोडली. बोका हळूहळू सुधारला. मध्ये एकदा नवऱ्याने पलंग फिरवून बघितला, तर उशी पुन्हा ओली!

एका रात्री जेवताना तो म्हणाला, "खरं सांगू? त्याचं मला कळतं. मलाही दिवसभर कुठे बसावं ते सुचत नाही."

बायकोचा हात ताटावरच थांबला. "तोंडाने सांगितलंत हे बरं केलंत," ती म्हणाली. "तो बिचारा बुटात सांगत होता."

दोघंही ठसका लागेपर्यंत हसली.

हल्ली तो सकाळी कोपऱ्यावरच्या सायकलवाल्याकडे जातो, हाताला काम आहे म्हणून. दुपारी काळे हात घेऊन जेवायला येतो, तेव्हा बायको आधी त्याला साबणाकडे पिटाळते.