‘बघू’ला शेपूट नाही

लोक दुकान काढतात, पिठाची गिरणी काढतात. आमच्या ह्यांनी भाषा काढली.

हे पूर्णेला रेल्वेत. दिवसभर खिडकीत बसून लोकांना गाड्यांच्या वेळा सांगायच्या आणि संध्याकाळी क्वार्टरमध्ये येऊन कादंबरी लिहायची. कादंबरी आपल्या इकडची नव्हे बरं का. सात चंद्रांचं राज्य, उडते घोडे, बोलणारे डोंगर. एकदा मी विचारलं, “एवढं काय लिहायलात?” तर म्हणाले, “तिथल्या लोकांची भाषा तयार करायलोय.” मी म्हटलं, “का हो, मराठीला काय काटे लागलेत?”

ह्यांचं म्हणणं, मराठी लय ढिली. मराठीत माणूस ‘येतो’ म्हणतो आणि निघून जातो. ‘आलोच’ म्हणतो आणि दुपार झाली तरी येत नाही. त्यांच्या राज्यात असलं चालत नाही. तिथं क्रियापदाला वेळेचं शेपूट लागतंच. जाणे म्हणजे ‘सुर’. पण नुसतं सुर म्हणून भागत नाही. ‘सुरमी’ म्हणजे ह्या श्वासाला जाणार. ‘सुरतल’ म्हणजे दिवस मावळायच्या आत. ‘सुरहोर’ म्हणजे पुढच्या पेरणीच्या आत. आणि ‘सुरनेघ’ म्हणजे माझ्या हयातीत नाही. संपलं, एवढीच शेपटं. बिनशेपटाचं बोलेल त्याला तिथं खोटारडा म्हणतात आणि वेशीबाहेर काढतात.

मला तर हसू आवरेना. कारण हे सांगणारा माणूस कोण, तर आमचे हे! मिक्सर दुरुस्तीला टाका म्हटलं, “बघू.” पंखा कुरकुरायलाय, “बघू.” राणीसावरगावला माझ्या भावाची घरभरणी, जायचं ना? “बघू.” घरभरणी झाली, त्या घराला दुसऱ्यांदा रंग लागला, तरी ह्यांचं बघणं चालूच. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण, दुसरं काय!

आमची एकुलती एक पोरगी लॅपटॉपवर ह्यांची कादंबरी टाइप करून द्यायची. त्यामुळं ती भाषा ह्यांच्याखालोखाल तिलाच यायची. जेवताना बापलेक त्या भाषेत बोलायचे. मी भाकरी थापत ऐकायची आणि मनात म्हणायची, चांगलंय, घरात दोन परदेशी पाहुणे जेवायला बसलेत. ऐकून ऐकून ती शेपटं मलाही पाठ झाली.

मग पोरीचा नंबर लागला. नर्सिंगला, संभाजीनगरला. माझ्या वडलांचं शेवटचं दुखणं तिनं काढलं होतं, तेव्हापासून तिला दुसरं काही सुचतच नव्हतं. शुक्रवारच्या आत पालकाला घेऊन हजर व्हायचं, नाहीतर जागा पुढच्या पोरीला. पालक म्हणजे वडील, हे आमच्या घरात वेगळं सांगायची गरज नव्हती.

सोमवारी पोरीनं विचारलं. “बघू.” मंगळवारी विचारलं. “बघू की, एवढी काय घाई?” बुधवारी हे उडत्या घोड्यांच्या खोगिराला काय म्हणावं ह्या विचारात होते. पोरगी दिवसभर तोंडात घास घालेना. मी आत जाऊन सांगितलं, “अहो, जागा जाईल तिची.” तर म्हणे, “मला काय कळत न्हाई का?”

रात्री जेवायला बसलो. पोरीनं ताट बाजूला सारलं आणि बापाकडं बघून म्हणाली, “पप्पा, तुमी आन् मी, संभाजीनगर, सुर...” आणि थांबली. शेपूट त्यांच्यासाठी सोडलं.

आपली भाषा कुणीतरी खऱ्या कामाला वापरायलंय म्हणून ह्यांचा चेहरा एकदम खुलला. “बघ...” म्हणेपर्यंत पोरगी बोलली, “मराठीत नको. तुमच्या भाषेत सांगा. बघूला काय म्हणतात?”

बघूला काहीच म्हणत नव्हते. तसं शेपूटच ह्यांनी केलं नव्हतं. हे बोटांवर शेपटं मोजत बसले. ‘मी’ लावावं तर बॅग भरून उठावं लागतंय. ‘तल’ लावावं तर उद्याची रजा टाकावी लागतीय. ‘होर’ लावायला शुक्रवार थांबणार नव्हता. आणि व्याकरणाच्या बाबतीत माणूस प्रामाणिक, तेवढं म्हणावं लागेल. शेवटी खाली बघून हळूच म्हणाले, “सुरनेघ.”

माझ्या हातातली भाकरी हातातच राहिली. हे स्वतःसुद्धा दचकले. मग मराठीत लागले सांगायला, एकटी पोर, परगाव, होस्टेल, दिवस कसे आहेत बघायलाव ना. पण जे निघायचं ते निघून गेलं होतं. पोरगी रडली नाही, “कळलं” म्हणाली आणि ताटं उचलायला लागली.

मला मात्र त्या रात्री माझे सगळे बघू आठवले. लग्नाच्या दुसऱ्याच वर्षी मी बी.एड.चं विचारलं होतं. बघू. चुडाव्याला, गाडीनं एका स्टेशनावर, बालवाडीत जागा निघाली होती. बघू. मी आपली दर पेरणीला वाट बघायची. मी त्याला होर समजत होते, आणि तो नेघ होता! एवढी चीड आली म्हणून सांगू! ह्यांच्या भाषेवर नाही हो. उलट त्या भाषेमुळंच आमच्या घरात कुणीतरी पहिल्यांदा खरं बोललं होतं.

गुरुवारी सकाळी मी आणि पोरगी गाडीत बसलो. निघताना हे दारात उभं राहून म्हणाले, “माझ्या सहीशिवाय कसं करणार?” ते मलाही माहीत नव्हतं, तरी मी पिशवी उचलली. जालना मागं पडलं. पोरगी सगळे कागद मांडीवर धरून बसली होती, पाणीसुद्धा प्यायली नाही.

कॉलेजच्या खिडकीत एक बाई बसल्या होत्या. कागद चाळून त्यांनी विचारलं, “वडील कुठंयत?”

“न्हाई आले,” मी म्हटलं. पोरीनं माझा हात गच्च धरला.

बाईंनी मान वर न करता पेन माझ्याकडं सरकवला. “मग तुमी करा सही. आईची चालते.”

“चालते? कधीपासून?”

“पहिल्यापासूनच चालते की,” बाई म्हणाल्या आणि त्यांनी पुढच्या पोरीला हाक मारली.