मिशी उतरवलेला प्रधान

येवल्यात मागावर बसून पैठणी विणणारा निजाम तमाशात गेला तो दुसऱ्याच कुणाची तरी गाडी चुकली म्हणून.

एकोणीसशे एकतीस साली चतुराबाईचा फड येवल्याला आला होता. फडाचा सोंगाड्या गोरख राजा होऊन बोर्डावर उभा राहिला, पण प्रधानाचं काम करणारा गडी मनमाडलाच अडकला होता. उंच, सुकडा गोरख वेळ मारून नेण्यासाठी एकटाच बोलू लागला. "आमच्या राज्यात सोनं हाय, नाणं हाय. सांगा लोकहो, कमी काय हाय?"

"प्रधान कमी हाय, महाराज," खालून निजाम म्हणाला.

तंबूत हशा पिकला. गोरखने त्या बुटक्या, मिशाळ गड्याला वर बोलावलं आणि पुढे बराच वेळ दोघांनी लोकांना हसवून हसवून बेजार केलं. दुसऱ्या दिवशी चतुराबाई निजामच्या घरी गेली. विणकराचा हात एकदा मागावरून उठला की पुन्हा बसत नाही, असं त्याची आई रोशनबी म्हणाली. चतुराबाईने वाद घातला नाही. तिने मुलाला फक्त पावसाळ्यापर्यंत मागितलं. पावसाळा संपून फड पुन्हा निघाला, तेव्हा मात्र रोशनबीनेच त्याचं बोचकं बांधून दिलं.

दोन-तीन वर्षांत नाशकात फडाचं नावच मागे पडलं. नदीकाठच्या मैदानात तंबू लागला की लोक म्हणायचे, राजा-प्रधान आले. टांगेवाले त्यांची वाक्यं एकमेकांवर फेकायचे. निजामची मिशी तर अर्धं काम करायची. प्रधान चिडला की तिचं एक टोक वर जाई, घाबरला की दोन्ही खाली येत. बायको आबिदा म्हणायची, माझं लग्न मिशीशी झालं, माणूस तिच्याबरोबर आला.

छत्तीस सालच्या हिवाळ्यात गोरखला मोठा ताप आला. महिन्याभराने तो उठला आणि मनमाडच्या खेळाला उभा राहिला. रेल्वेची माणसं बायकापोरांसह आली होती. शत्रू वेशीवर आल्याची खबर प्रधानाने द्यायची, असं ठरलेलं होतं. पण निजामला त्या दिवशी लहर आली. तो म्हणाला, "महाराज, राणीसाहेब रुसल्यात."

"मग बघत काय बसलास?" गोरख गरजला. "भाला आण, तोफा काढ, आज एकाला जिता सोडत नाय!"

लोक एकमेकांच्या अंगावर पडून हसले. निजामही हसला, आणि मग त्याने गोरखच्या डोळ्यांत पाहिलं. लोक का हसताहेत तेच गोरखला कळलं नव्हतं.

खेळ सुटल्यावर गोरखने कबूल केलं. तापात कान गेले होते. ढोलकीसुद्धा तळपायालाच कळत होती. ते लपवून आज पाठ वाक्यांवर निभावू पाहिलं, आता दुसरा राजा बघ, असं सांगून तो पेटी भरू लागला.

निजामने त्याचा हात धरला आणि त्याला आपल्या समोर बसवलं. मग एकेक शब्द सावकाश उच्चारत विचारलं, "माझं तोंड बघून कळतंय का?"

गोरख निरखून पाहत राहिला. थोड्या वेळाने म्हणाला, "अर्धं कळतंय. बाकीचं तुझ्या मिशीखाली जातंय."

सकाळी निजाम मनमाडच्या न्हाव्याकडे जाऊन बसला. न्हाव्याने दोनदा विचारून मगच वस्तरा लावला. चतुराबाईने कपाळावर हात मारला. निजामच्या उघड्या ओठाकडे बघत गोरख कितीतरी वेळ रडला, मग हसला. महिनाभर दोघं रोज समोरासमोर बसून बोलत राहिले. शेवटी निजाम हवं ते ऐनवेळी बोलू लागला आणि गोरख त्याला बिनचूक उत्तर देऊ लागला. चुकलाच, तर त्या चुकीचीही हसवणारी बतावणी व्हायची.

आणि मिशी गेल्यामुळे एक नवीनच गंमत झाली. गौळणीतल्या मावशीचं काम करायला फडात धड माणूस नव्हता. चतुराबाईने निजामला लुगडं नेसवलं. खांद्यावरून पदर सावरत तो मुरकत बोर्डावर आला तेव्हा नाशिककरांनी त्याला पाच मिनिटं बोलूच दिलं नाही. पुढे प्रधानापेक्षा मावशीच गाजली. खेळ पाहायला आलेली आबिदा हसून हसून दमली. घरी गेल्यावर ती म्हणाली, माझ्यापेक्षा तुम्हालाच लुगडं बरं दिसतं.

अडतीस साली देवळालीच्या खेळानंतर चहा पिताना कुणीतरी गोरखला विचारलं, की लोकांचं हसू ऐकू येत नाही, याचं वाईट नाही का वाटत?

निजामने तो प्रश्न सावकाश पुन्हा म्हटला आणि गोरखने तो त्याच्या ओठांवरून समजून घेतला. "पूर्वी मी हसू ऐकायचो आणि पुढच्या वाक्याच्या तयारीला लागायचो," तो म्हणाला. "आता माणसं हसताना बघतो. म्हातारे कसे पोट धरतात, बाया कशा पदर तोंडात घालतात. लय भारी दिसतं ते."

निजामने त्याच्या बशीत आणखी चहा ओतला, आणि उद्याच्या खेळात मावशीने राजाला लग्नाची मागणी घालावी का, यावर दोघांचं जोरात भांडण सुरू झालं.