चारकोप शाखेतलं निनावी पत्र

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीला नाही. कुणी विचारलंही नाही म्हणा. ज्याचा जाब विचारायला हवा होता, त्याबद्दलच मला शाल-श्रीफळ मिळालं.

आधी एक स्पष्ट करते. मी माझ्या कामात चांगली आहे. खोटी नम्रता मला जमत नाही. बँका बुडतात कशा आणि बुडू नयेत म्हणून आलेले नवे नियम काय सांगतात, हे मी मुलुंडपासून बोरिवलीपर्यंत बँकेच्या लोकांना शिकवते. संचालकांच्या नातेवाइकांना कर्ज नाही. जुनं बुडीत कर्ज नव्या कर्जाखाली झाकायचं नाही. आणि कुणाला काही काळंबेरं दिसलं तर त्याने तक्रार करावी, नाव गुप्त राहील. हा शेवटचा नियम आमच्या बँकेत कसा राबवायचा, ते तर मीच लिहून काढलंय. मग मी त्यांना एक गोष्ट सांगते, चारकोप शाखेतल्या निनावी पत्राची. ती गोष्ट खरी आहे. फक्त...

थांबा. नीट सांगते.

आधी मी एका सहकारी बँकेत होते. ती आता उरलेली नाही. चारकोप शाखेत मी उपव्यवस्थापक आणि फिलोमिना कर्जाच्या टेबलावर. ती तिथल्याच गावठाणातली, ईस्ट इंडियन, म्हणजे मुंबईच्या मूळच्या ख्रिस्ती लोकांपैकी. माझ्या मराठीला ‘पुस्तकी’ म्हणून हसायची. बारा वर्षं आम्ही एकमेकींच्या डब्यातलं जेवलो. तिच्याकडची सुकी कोळंबी मी आधी संपवायची, मग माझा डबा उघडायची.

एक दिवस ती जेवायच्या सुट्टीत गायब झाली. परत आली ती घामाघूम.

“वर्षा, आपण कर्ज दिलेल्या त्या तिन्ही कंपन्यांचा पत्ता एकच आहे. इंडस्ट्रियल इस्टेटमधला गाळा. जाऊन आले मी. शटरला गंज चढलाय गं. वॉचमन म्हणतो, इथे कंपनी कधी नव्हतीच.”

तिन्ही कंपन्या बँकेच्या अध्यक्षांच्या घरातल्यांच्याच नावावर. वरून हुकूम यायचा, फिलोमिना कागदांवर आद्याक्षरं करायची, फाइल पुढे जायची. आठवड्याभराने तिने मला एक पत्र दाखवलं. बँकांवर देखरेख करणाऱ्या कार्यालयाला लिहिलेलं, गावठाणातल्या झेरॉक्सवाल्याकडे टाइप केलेलं. खाली दोन सह्यांची जागा होती. एक तिची, एक माझी.

“वेडी आहेस का?” मी म्हणाले. “दोघींची वाट लागेल. मी नाही करणार सही. आणि तूही नाव टाकू नकोस. प्रत पण ठेवू नकोस.”

“बिननावाचं पत्र कोण वाचणार?”

“वाचतील. पाठव तसंच.”

तिने माझं ऐकलं. इथवर मी फक्त घाबरट होते. जगात घाबरट माणसं खूप असतात. त्याचं मी फार मनावर घेत नाही.

पत्र वाचलं गेलं. तपासणी आली, मागोमाग खात्यातून पैसे काढण्यावर निर्बंध आले, आणि एका सकाळी शाखेबाहेर माणसंच माणसं. शेजारच्या सेक्टरमध्ये राहणारे एक काका बायकोच्या ऑपरेशनचे कागद घेऊन रोज यायचे. “मॅडम, तुम्हीच म्हणाला होतात ना, बँक एकदम सेफ आहे?” हो, म्हणाले होते. पण तेही मी आज सांगायला बसलेले नाही. बघा, मी अजूनही फिरून फिरून भलतीकडेच जातेय.

तपास अधिकारी एकेकाला केबिनमध्ये बोलवत होते. माझी पाळी आली. त्यांनी ते पत्र समोर ठेवलं.

“यामुळे आम्हाला फार लवकर कळलं. एवढं आतलं ठाऊक असलेलं माणूस इथे एकच दिसतं. तुम्हीच ना, मॅडम?”

मी टेबलाकडे पाहिलं. हो म्हणाले नाही. नाही, असंही म्हणाले नाही.

“समजलो,” ते म्हणाले. “काळजी करू नका. नाव बाहेर जाणार नाही.”

सगळ्या शाखेवर संशय होता आणि एका मिनिटात मी एकटी त्यातून बाहेर पडले. वाईट वाटलं का? नाही. बरं वाटलं. त्या माणसाने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं ना, ती मला आवडली.

तेव्हाही वेळ गेलेली नव्हती. पण फाइलींवर आद्याक्षरं फिलोमिनाची होती. तिला निलंबित केलं. चौकशी समितीसमोर ती म्हणाली, पत्र मी लिहिलंय, वर्षाने ते वाचलंय, तिला विचारा.

मला बोलावलं. तीन अधिकारी, आणि समोरच्या खुर्चीत ती. मला बघून तिचा चेहरा सैल झाला. आता सुटलो, असं वाटल्यावर माणसाचा होतो तसा.

“या म्हणतात ते खरं आहे?”

“नाही,” मी म्हणाले. “त्या पत्राबद्दल यांना काही माहीत नव्हतं.”

‘यांना’ म्हणाले मी. फिलोमिनाला.

ती ओरडली नाही. रडलीही नाही. पर्स उचलली आणि अधिकाऱ्यांना म्हणाली, “झालं तुमचं?”

तिची नोकरी गेली. आमची बँक दुसऱ्या बँकेत विलीन झाली, तिथे मला बढती मिळाली. आधी नुसती कुजबुज होती — ‘पत्र यांनीच लिहिलेलं.’ काही वर्षांनी जाहीर सत्कार झाला. नाव गुप्त ठेवायच्या नियमाने मला इतकी वर्षं सांभाळलं, की आता ते उघड करायला कुणाचीच हरकत नव्हती.

गेल्या नाताळच्या आधी बोरिवलीला एका मैदानात स्टॉल लागले होते. बाटली मसाल्याच्या स्टॉलमागे फिलोमिना उभी. मी वळून निघून जाऊ शकले असते. गेले नाही. का, ते मला सांगता येत नाही.

“माझी भाची आता बँकेत आहे,” ती म्हणाली. आवाज अगदी साधा. “तुझं लेक्चर ऐकून आली. झकास बोलतेस म्हणाली.”

मी एक बाटली उचलून तिच्यावरचं लेबल वाचू लागले.

“पाकीट पेटीत टाकताना हात थरथरत होते, असं सांगतेस म्हणे?”

“हो.”

“नव्हते गं थरथरत. मला राग आला होता. लोकांचे पैसे त्या गंजक्या शटरमागे टाकले, म्हणून राग.” तिने एका बाईला मसाल्याची बाटली दिली, पैसे घेतले. “भीती तुला होती.”

मग ती पुढच्या गिऱ्हाइकाशी बोलू लागली.

आठवड्याभराने घाटकोपरला माझं प्रशिक्षण होतं. मी पत्राची गोष्ट सांगितली. पाकीट पेटीत टाकण्यापर्यंत आले. मग म्हणाले, “हात थरथरले असतील, असं तुम्हाला वाटेल. नाही थरथरले. मला राग आला होता.”

टाळ्या कितीतरी वेळ वाजत राहिल्या.