कोऱ्या कागदाचे वाचन

रंगमंचावरील अश्रूंवर माझा कधीच विश्वास बसला नाही. निजामाविरुद्धच्या पोलीस ॲक्शननंतरच्या दहा-बारा वर्षांत औरंगाबादेत एका नाट्यमंडळासाठी मी नट निवडत असे. एका वर्षी बसवायच्या नाटकातील बापाला तिन्ही अंकांत एकही वाक्य नव्हते. म्हणून मी प्रत्येक उमेदवाराच्या हाती कोरा कागद देई आणि सांगे, "मुलाचे पत्र आले आहे. मनात वाचा." चेहऱ्याकडे मी लक्ष देत नसे. चेहरा आरशापुढे घोटून आणता येतो. मी बुबुळे पाहत असे. बहुतेकांची नजर कागदावर एकाच जागी खिळलेली असे. डोळ्यांत पाणी मात्र वेळेवर येई.

बिडकीनहून एक शिंपी आला होता. मराठी बोलताना उच्चारात घरची दखनी बोली उमटते म्हणून मीच त्याला आधी दोनदा परत पाठवले होते. बिनवाक्याची भूमिका पुन्हा कधी निघेल याची खात्री नव्हती, आणि हे तोही जाणून होता.

त्याने कागद उघडला. बुबुळे हलू लागली, पण उजवीकडून डावीकडे. मी नावापुढे फुली मारली.

सहपरीक्षक असलेले वयस्क वकील हसले. "मास्तर, निजामाच्या शाळेत तुम्ही नुसता मारच खाल्ला का? तो उर्दू वाचतोय."

मी हसलो नाही. माझे शिक्षण उर्दूत झाले हे सर्वांना ठाऊक होते. मला खूश करण्याची ही युक्तीही असू शकत होती.

"कोणी शिकवून पाठवले?"

"कुनी नाय, सर. आमच्या घरी चिठ्ठी अशीच येती."

"मराठी नाटकात?"

"लोकांना कागद कुठं दिसतो, सर? बापच दिसनार."

उत्तर मला फार तयार वाटले. मी कागद परत मागितला, घडी घातली आणि पुन्हा त्याच्या हाती दिला. "परत वाचा."

पाठ करून आलेला नट पुन्हा पहिल्या ओळीपासून सुरू करतो. याने तसे केले नाही. नजर सरळ कागदाच्या खालच्या भागात गेली, एका ठिकाणी थांबली आणि तिथून हललीच नाही. नंतर तो घडी घालू लागला. घडी दोनदा तिरकी पडली.

मी कागद घेऊन दोन्ही बाजूंनी तपासला. कोराच होता.

"तालीम साडेसहाला. शेवटची एसटी मिळणार नाही. मुक्कामाची सोय करून या."

"म्हंजे घेतलं का, सर?"

"उशीर चालणार नाही," मी म्हणालो.