मैनाला इतिहास लागतो

बाळीवेशीपासून स्टेशनापर्यंत इतर टांग्यांना वीस मिनिटं पुरत. नबीसाबच्या टांग्याला पाऊण तास लागे. रस्ता तोच होता. मधे इतिहास पडायचा.

तीस वर्षं नबीसाब तीन ठिकाणी टांगा उभा करून उतारूंना गावाची माहिती देत आला होता. बाळीवेशीत, मधल्या मारुतीपाशी आणि किल्ल्याच्या खंदकाकाठी. माहिती उतारू बघून बदलायची. साखर पेठेतला विणकर बसला की वेस विणकरांनी बांधलेली असे. अक्कलकोटचा पाहुणा असला की दगड अक्कलकोटाहून आलेला असे. कचेरीतला कारकून बसला, तर ती एका कारकुनानं मुदतीच्या आत बांधून घेतलेली निघे. शेवटी "असा हाय इतिहास, बगा" म्हणून नबीसाब लगाम हलवी आणि त्याची तांबडी घोडी मैना पाऊल उचली. टांग्याला जुंपल्यापासून मैनाच्या डोक्यात एक गोष्ट घट्ट बसली होती. इतिहास झाल्याशिवाय पुढं जायचं नसतं.

१९७४ च्या फेब्रुवारीत नबीसाबचा आवाज बसला. मंडईजवळची चिंच कोणत्या साली पडली यावरून अड्ड्यावर त्याचा आणि मौलाली टांगेवाल्याचा वाद जुंपला. मौलाली सत्तेचाळीस म्हणे, नबीसाब अठ्ठेचाळीस. सकाळी सुरू झालेला वाद भाकरीपुरता थांबला, आणि संध्याकाळी नबीसाबच्या घशातून नुसती हवा येऊ लागली. तीन दिवस तोंड उघडायचं नाही, असं डॉक्टरांनी बजावलं.

दुसऱ्याच दिवशी दुपारी साडेतीनला शिवणाच्या शिक्षिका मथुराबाई पितळी डबा घेऊन टांग्यात चढल्या.

"नबीसाब, चारची गाडी गाठायची आहे. धाकटा भाऊ शिवयोगी कायमचा पुण्याला चाललाय. दोन वर्षं बोलत नव्हता, आता स्टेशनावर भेट म्हणून कार्ड टाकलंय. दहा मिनिटं थांबते गाडी. आज इतिहास नको."

नबीसाबनं गळ्याकडं बोट दाखवून मान हलवली.

"आवाज गेलाय? देवच पावला म्हणायचा."

वेशीत येताच मैना थांबली. नबीसाबनं लगाम हलवला, जीभ टाळूला लावून टकटक केली, खाली उतरून तिला ढकललंही. मैना ऐकण्याच्या तयारीत उभी होती. त्यानं हातांनीच मथुराबाईंना अडचण समजावली.

"म्हणजे मी सांगू? घोडीला?" त्यांनी घड्याळ बघितलं. "ही बाळीवेस. असा हाय इतिहास, बगा."

मैनानं एक कान मागं वळवला. एवढ्यात भागणार नव्हतं.

"बरं, ऐक. लग्न होऊन आलेल्या माझ्या सासूबाई ह्या वेशीत बैलगाडीतून उतरल्या, त्या थेट पिठाच्या पोत्यावर. पोतं फुटलं. सासूबाई नखशिखान्त पांढऱ्या. सासऱ्यांनी त्यांना ओळखलंच नाही, गाडीतल्या दुसऱ्याच बाईला घरी घेऊन गेले. संध्याकाळी अदलाबदल झाली. असा हाय इतिहास, बगा."

मैना निघाली. नबीसाब मात्र मागं वळून, ती दुसरी बाई कोण, असं हातवारे करून विचारत राहिला.

"पुढं बघा," मथुराबाई म्हणाल्या.

मधल्या मारुतीपाशी मथुराबाईंनी सांगितलेल्या इतिहासात पाच वर्षांचा शिवयोगी हरवला होता. सगळी पेठ त्याला शोधत होती, आणि तोही त्या घोळक्यात शिरून "शिवयोगी, शिवयोगी" अशा हाका मारत फिरत होता. मैनाला हे पसंत पडलं.

खंदकाकाठी चारला दहा कमी होते.

"दोन वर्षांमागं इथंच आम्ही दोघं भांडलो. तो म्हणाला, तुझ्यापेक्षा माझ्या बायकोच्या शेंगापोळ्या पातळ असतात. मग मी म्हटलं..." लांबून शिट्टी ऐकू आली. "काय म्हटलं ते राहू दे. असा हाय इतिहास, बगा."

मैना निघाली आणि नबीसाबनं लगाम खेचला.

"नबीसाब, गाडी आली की."

तो हलेना. मग काय म्हटलं, असं त्याची बोटं विचारत होती.

"येताना सांगते. शपथ."

स्टेशनात गाडी केव्हाची उभी होती. मथुराबाई उतरल्या, धावल्या, खिडकीशी पोचल्या. शिवयोगी "अक्का" म्हणाला, तेव्हा आपले दोन्ही हात रिकामे असल्याचं त्यांना दिसलं. डबा टांग्यात. हाक मारता येत नसल्यामुळं नबीसाब डबा डोक्यावर धरून फलाटभर लोकांना धडका देत येत होता. गाडी हलता हलता त्यानं तो खिडकीतून आत सारला.

शिवयोगीनं एक शेंगापोळी काढली, उजेडात धरली.

"पातळ आहे की, अक्का," तो म्हणाला, आणि गाडी त्याला घेऊन गेली.

परतताना खंदकाकाठी मैना थांबली. नबीसाब आधीच मागं वळून बसला होता.

"मी म्हटलं, मग तिकडंच जेव," मथुराबाईंनी डोळे पुसत सांगितलं. "दोन वर्षं तिकडंच जेवला."

नबीसाब आवाज न करता इतका हसला की टांगा हलू लागला.

आठवड्यानं त्याचा गळा सुटला. मथुराबाई मंडईतून येत होत्या. वेशीत टांगा उभा होता आणि करकंबच्या एका शेतकऱ्याला नबीसाब सांगत होता, "हितं एक राणी अंबारीतून उतरली, ती पिठाच्या पोत्यावर."

"अंबारी नव्हे, बैलगाडी," मथुराबाई जाता जाता म्हणाल्या.

"बैलगाडी," नबीसाबनं लगेच दुरुस्त केलं. "पन बैल हत्तीएवढं. आन् ती दुसरी बाई कोन हुती, ते या बाईच सांगतील."

मथुराबाई थांबल्या. मैनानं कान मागं वळवला.